वर उचलून नेतो म्हणाले, मी नको म्हटलं

उंबरठा

गेल्या शनिवारची गोष्ट. एका व्याख्यानाला गेलो होतो. विषय होता 'समान संधी'. हसू नका, खरंच तोच होता. सभागृह पहिल्या मजल्यावर, लिफ्ट नाही, पायऱ्या २२. (खाली बसून मोजायला भरपूर वेळ मिळाला.) मी गेली एकवीस वर्षं व्हीलचेअर वापरतो. आदल्या दिवशी फोन करून विचारलं होतं, तेव्हा "हो हो, सगळी सोय आहे" असं उत्तर मिळालं होतं. सोय म्हणजे चार धट्टीकट्टी मुलं.

मुलं चांगली होती, मनापासून पुढे आली होती. "काका, दोन मिनिटांत वर!" मी नको म्हटलं. मग आयोजक खाली आले. आधी समजावून झालं, मग आग्रह झाला, मग जरा चिडून झालं. "आम्ही एवढं करतोय आणि तुम्ही त्याचं राजकारण करताय" हे शेवटचं वाक्य. मी घरी आलो.

नकाराचं कारण सांगतो. वर गेलो असतो तर खाली येणं माझ्या हातात उरलं नसतं. व्याख्यान कंटाळवाणं निघालं तर उठून जायची सोय नाही. लघवीला जायचं तर आधी चौघांना शोधायचं, तेही काळोखात, कुजबुजत. आणि मी वर दिसलो की "कार्यक्रम सर्वांसाठी खुला होता" असं अहवालात लिहायला ते मोकळे.

तर दोन प्रश्न. माझा नकार हा आडमुठेपणा होता का? आणि हे राजकारण आहे का? मला विचाराल तर आहे. पण घरातसुद्धा सगळ्यांना तसं वाटत नाही, म्हणून इथे धागा काढून विचारतोय.

टाचणी

व्याख्यात्यांनी खाली यायला काय हरकत होती? त्यांना उचलायला चार मुलंही लागली नसती.

सरळमार्गी

थोडं कडू लिहितो, राग मानू नका. त्या मुलांचा काय दोष? मदत अशी झिडकारली की पुढच्या वेळी ती पुढे येणार नाहीत आणि तोटा तुमच्यासारख्याच दुसऱ्या कुणाचा तरी होईल. अपंगत्व ही दुर्दैवी पण वैयक्तिक गोष्ट आहे. अपघात, आजार, जन्म, कारण काहीही असो. त्यावर उपचार असतात, साधनं असतात, माणुसकी असते. यात राजकारण कुठून आलं? ज्याने त्या २२ पायऱ्या बांधल्या त्याने तुमच्याविरुद्ध कट केला नव्हता.

उंबरठा

कट नव्हता हे मान्य. कट असता तर बरं झालं असतं, निदान बांधताना कुणाच्या तरी डोक्यात मी होतो असं म्हणता आलं असतं.

टाचणी

उंबरठा, हे वाक्य त्या सभागृहाच्या जिन्यावर रंगवून घ्या.

निळी_शाई

> यात राजकारण कुठून आलं?

ब्रिटनमधून आलं असं म्हणता येईल, तेही दक्षिण आफ्रिकेमार्गे. व्हिक फिंकेलस्टाइन नावाचा गृहस्थ, व्हीलचेअर वापरणारा. दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाविरुद्धच्या लढ्यात होता, त्यापायी तुरुंगात गेला आणि १९६८ मध्ये ब्रिटनमध्ये आला. ज्याने 'फक्त गोऱ्यांसाठी' अशा पाट्या पाहिल्या त्याला जिना हीसुद्धा पाटीच वाटली असणार, असा माझा तर्क. तिथे त्याची गाठ पॉल हंटशी पडली. हंट निवासी संस्थांमध्ये राहिलेला. दिवस कसा घालवायचा हे संस्थेने ठरवायचं, हे त्याला मान्य नव्हतं. यांच्या संघटनेने १९७६ मध्ये एक छोटी पुस्तिका काढली. मुद्दा एवढाच: पाय न चालणं ही शरीरातली उणीव, पण त्या उणिवेवर समाज जे लादतो ते अपंगत्व. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. १९८३ मध्ये अभ्यासक मायकेल ऑलिव्हर यांनी याला 'सामाजिक प्रतिमान' असं नाव दिलं. मराठीत आपण दोन्हींना अपंगत्वच म्हणतो, त्यामुळे निम्मी भांडणं शब्दातच अडकतात.

फिंकेलस्टाइनने एक गंमतशीर गाव कल्पिलं होतं. गावात सगळे व्हीलचेअरवाले. गावही त्यांनीच बांधलेलं, त्यामुळे छतं आणि दारं बेतशीर खाली आणलेली, कारण उभं कुणी राहतच नाही. पुढे तिथे काही चालणारी माणसं राहायला येतात. दारोदारी त्यांची डोकी आपटतात, कपाळांना टेंगळं येतात. गावातले डॉक्टर त्यांना तपासतात, खास शिरस्त्राणं देतात, कंबर वाकलेली राहावी म्हणून पट्टे देतात. नोकरी मागायला गेले की "तुम्हाला झेपेल का हो?" मग त्यांच्यासाठी देणगी गोळा करणाऱ्या संस्था निघतात. हळूहळू ही चालणारी माणसं एकत्र बसून बोलायला लागतात आणि त्यांच्या मनात येतं, दोष आपल्या उंचीचा की दारांचा?

सरळमार्गी

गोष्ट छान आहे. पण दारं कितीही उंच केली तरी आंधळ्याला दिसणार नाही. सगळं समाजावर ढकलायचं म्हणजे शरीर नावाची गोष्टच नाही असं धरून चालायचं.

खडूफळा

निवृत्त अभियंता आहे, हात शिवशिवले म्हणून हिशेब मांडतो. रॅम्पचा सर्वमान्य उतार एकास बारा, म्हणजे चढ एक मीटर असेल तर लांबी बारा मीटर. पायरी १५ सेंटिमीटरची धरली तर २२ पायऱ्यांची उंची ३.३ मीटर. रॅम्प हवा सुमारे ४० मीटरचा. शिवाय दर पाऊण मीटर चढानंतर दम खायला दीड मीटरचा सपाट टप्पा. असे चार टप्पे धरले की ४६ मीटर झाले. म्हणजे इथे रॅम्प हा उपाय नव्हेच. लिफ्ट, नाहीतर टाचणी म्हणतात तसं तळमजला.

आता मनातलं बोलतो. नोकरीच्या काळात मी कितीतरी रॅम्प पाहिले, ज्यांचा उतार एकास पाचसुद्धा नव्हता. जागा उरली तेवढ्यात बसवलेले. ती घसरगुंडी असते, रॅम्प नव्हे. व्हीलचेअर त्यावरून वर चढत नाही आणि खाली आली तर थांबत नाही. पण तपासणीच्या कागदावर 'रॅम्प आहे का?' यापुढे 'आहे' लिहिता येतं. अपंगांसाठीच्या स्वच्छतागृहाचंही तेच. निम्म्या ठिकाणी आत झाडू, बादल्या आणि मोडक्या खुर्च्या. असल्या कागदांवर मी स्वतः सह्या केल्या आहेत. इथे नाव खरं नाही म्हणून लिहितोय.

रातकिडा

नमस्कार. मी हा धागा वाचत नाहीये, ऐकतोय. स्क्रीन रीडर वापरतो, म्हणजे पडद्यावरचं मोठ्याने वाचून दाखवणारं सॉफ्टवेअर. टाचणी यांच्या एका प्रतिसादात हसरे चेहरे टाकले होते, ते मला "आनंदाश्रूंसह चेहरा, आनंदाश्रूंसह चेहरा, आनंदाश्रूंसह चेहरा" असे सहा वेळा ऐकावे लागले. सहाव्या वेळी माझेही अश्रू आले, आनंदाचे नव्हेत.

सरळमार्गी, आंधळ्याला दिसणार नाही हे अगदी बरोबर. फक्त न दिसण्याचा मला चोवीस तास त्रास होतो हे तुम्ही गृहीत धरलंत. मी जन्मापासून असाच आहे, मला त्याची चुकचुक वाटत नाही. त्रास होतो तो भलत्याच गोष्टींचा. "चित्रातली वाकडी अक्षरं ओळखून तुम्ही यंत्र नसल्याचं सिद्ध करा." झालं, मी यंत्र ठरलो. कामाचा कागद म्हणून फोटो पाठवतात, माझं यंत्र म्हणतं, "प्रतिमा." बस्स. प्रतिमा.

आणि राजकारणाचंच म्हणाल तर माझं मत घ्या. म्हणजे अक्षरशः मत. मी अठराव्या वर्षापासून मतदान करतोय. सुरुवातीची काही वर्षं काका सोबत यायचे. मी कानात सांगायचो, ते शिक्का मारायचे. काकांची स्वतःची मतं फार पक्की होती. त्यामुळे ती मतं माझी की काकांची, देव जाणे. स्वतःच्या बोटांनी पहिल्यांदा मत दिलं तेव्हा मी कुणाला दिलं ते घरात कुणालाच सांगितलं नाही. सांगण्यासारखं नव्हतं म्हणून नव्हे. न सांगता येतं, हे पहिल्यांदा कळलं म्हणून. संयुक्त राष्ट्रांचा २००६ चा अपंगांच्या हक्कांचा करार आहे, त्यातलं २९ वं कलम नेमकं गुप्त मतदानाबद्दल बोलतं. लिहिणाऱ्यांमध्ये कुणालातरी असा काका असणार.

टाचणी

चेहरे काढून टाकले. क्षमस्व. (कंसात हसतेय, हे ऐकू आलं ना?)

रातकिडा

स्वच्छ ऐकू आलं.

कापूस

मी थोडी वेगळ्या बाजूने येते. सरळमार्गींचं सगळं चुकीचं नाही, असं माझं मत आहे, आणि मी स्वतः त्यातलीच आहे. मला सांध्यांचा जुनाट आजार आहे. बाहेरून काही दिसत नाही. २२ पायऱ्या मी चढू शकते. सोमवारी. मंगळवारी नाही. बुधवारचं बुधवारी सांगेन.

जगातले सगळे जिने पाडा, माझं दुखणं पहाटे चार वाजता मला उठवणारच आहे. 'अपंगत्व शरीरात नसून समाजात असतं' हे वाक्य ऐकलं की वाटतं, बाई, मग माझ्या गुडघ्यात समाज घुसून बसलाय का?

पण त्याच वेळी, राखीव जागेवर बसले की "धडधाकट दिसतेस की!" म्हणणारे काही माझ्या गुडघ्यात नसतात. मी दर वेळी अनोळखी माणसापुढे आजाराचा पुरावा मांडायचा. नीट चालले तर खोटारडी, लंगडले तर बिचारी. दुखणं माझं आहे, पण ही साक्षीपुराव्याची कटकट शरीराची नाही.

निळी_शाई

कापूस, हा आक्षेप चळवळीच्या आतूनच आला होता. १९९० च्या दशकात ब्रिटनमधल्याच अपंग स्त्रियांनी, जेनी मॉरिस, लिझ क्रो वगैरेंनी, तो मांडला. त्यांचं म्हणणं होतं की वेदना, थकवा, मरणाची भीती हे बोललं की विरोधक "बघा, दुःख शरीरातच आहे" म्हणतील या धाकाने आपणच गप्प बसतोय. गुडघ्यात समाज घुसण्याचं मात्र त्यांना सुचलं नव्हतं.

अनुस्वार

जरा अवांतर. इथे सगळे 'अपंग' लिहितायत. 'दिव्यांग' का नाही? आदराचा शब्द आहे ना?

उंबरठा

माझ्या अंगात दिव्य काही नाही. रात्री पायात गोळे येतात. दिव्य म्हटलं की माणूस नमस्कार करतो आणि पुढे जातो. अपंग म्हटलं तर निदान थांबून विचारतो, काय हवंय?

रातकिडा

मला आंधळा म्हटलेलं चालतं. 'दृष्टिहीन'मध्ये 'हीन' आहे, ते कुणाला खुपत नाही, नवल आहे. सगळ्यात नको असलेला शब्द 'बिचारा'. तो विशेषण म्हणून येतो आणि नाम होऊन बसतो.

अनुस्वार

आपली भाषाही काही निर्दोष नाही. आंधळं दळतं नि कुत्रं पीठ खातं. आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन. लंगडी सबब. बहिरेपणाचं सोंग. मुकाट्याने. कारभार ढिसाळ असला की तो 'आंधळा', तडजोड कच्ची असली की ती 'पांगळी'.

रातकिडा

दोन डोळ्यांची म्हण माझी लाडकी आहे. मी कधी एकही मागितला नव्हता.

टाचणी

आणि पांगळ्याला पर्वत ओलांडायला लावणाऱ्या प्रार्थना सगळ्यांना पाठ आहेत. पर्वताचं देव बघून घेईल हो, २२ पायऱ्यांचं कोण बघणार?

खूण

मी वाचत होते, आता लिहिते. मी बहिरी आहे. माझी पहिली भाषा खुणांची. लिहिलेली मराठी माझी दुसरी भाषा, तरी चुका दाखवल्या तर चालेल.

या यादीत मला घालू नका, असं आमच्यातले बरेच जण म्हणतात. आम्हाला उणीव नाही, आम्हाला भाषा आहे. ती तुम्हाला येत नाही. १८८० मध्ये इटलीत मिलानला बहिऱ्यांच्या शिक्षकांची परिषद भरली. जमलेले जवळजवळ सगळे ऐकू येणारे. त्यांनी ठराव केला की शाळेत खुणा बंद, मुलांनी ओठ वाचायचे आणि तोंडाने बोलायचं. त्यानंतर देशोदेशी शाळांमध्ये मुलांचे हात बांधले गेले, खुणा केल्या म्हणून छड्या मिळाल्या. त्या ठरावाबद्दल खेद व्यक्त व्हायला २०१० साल उजाडलं, कॅनडात व्हँकूवरच्या परिषदेत. १३० वर्षं.

आता याच्या उलटं. अमेरिकेत, किनाऱ्याजवळ मार्थाज व्हिन्यर्ड नावाचं बेट आहे. तिथे आनुवंशिक बहिरेपण खूप होतं, चिलमार्क गावात तर एका काळी पंचविसात एक जण बहिरा. मग काय झालं? सगळं गावच खुणा शिकलं. ऐकू येणारेसुद्धा आपसात खुणांनी बोलायचे, दुरून, होडीतून. तिथे बहिऱ्या माणसाला बहिरा म्हणून कुणी वेगळं काढायचं नाही. निळी_शाई यांचं गाव कल्पनेतलं, हे खरं होतं.

आणि १९८८. वॉशिंग्टनचं गॅलॉडेट विद्यापीठ, बहिऱ्यांसाठीचंच, १८६४ पासून चालू. तोवर एकही अध्यक्ष बहिरा नव्हता. पुन्हा ऐकू येणारीच अध्यक्ष नेमली तेव्हा विद्यार्थ्यांनी दारं अडवली. आठवडाभरात तिने राजीनामा दिला आणि पहिला बहिरा अध्यक्ष, किंग जॉर्डन, आला. हे राजकारण नाही तर काय?

सरळमार्गी

खूणताई, मराठीत एकही चूक सापडली नाही. माझ्या प्रतिसादांत दोन आहेत.

बेटाची गोष्ट माहीत नव्हती. पण मग रोकडा प्रश्न विचारतो. गावात पंचविसात एक असेल तर सगळे शिकतील. शंभरात एक असेल तर? सभागृहात दोनशे लोक येतात, व्हीलचेअरवर एक. लिफ्टला पैसा लागतो, दुभाष्याला लागतो. थोड्यांसाठी सगळ्यांनी किती खर्च करायचा, हे कुणीतरी ठरवायला नको?

रातकिडा

जरूर ठरवू. सभागृहात दिवे कशाला लावता? मला लागत नाहीत. त्या बिलात माझी वर्गणी असते.

उंबरठा

दोनशे खुर्च्यासुद्धा मांडता. मी माझी घरून आणतो.

खूण

आणि ध्वनिक्षेपक.

टाचणी

सरळमार्गी, पाणी प्या जरा.

सरळमार्गी

पितोय. तिघांनी मिळून धुतलं. दिव्यांचं खरंच कधी डोक्यात आलं नव्हतं.

खडूफळा

आणि 'थोडे' कुठे? जागतिक आरोग्य संघटनेचा आकडा १३० कोटींचा आहे, सहातला एक. ते सभागृहात दिसत नाहीत कारण ते खालूनच परत जातात, धागाकर्त्यासारखे. पुलावर रहदारी नाही म्हणून पूल नको, असं म्हणणारा साहेब मला भेटलाय. अहो, पूलच नाही तर रहदारी कुठून येणार?

फुटपाथच्या कडेला जो उतार करतात, त्याचंच बघा. व्हीलचेअरवाल्यांनी भांडून मिळवला. वापरतं कोण? बाबागाडी ढकलणारी आई, चाकांची बॅग ओढणारा प्रवासी, सामानाची ढकलगाडी. आंधळ्यांना पायाने वाट कळावी म्हणून रस्त्यावर बसवतात त्या उंचवट्यांच्या पिवळ्या फरश्या जपानमध्ये सेइची मियाके यांनी तयार केल्या, १९६७ मध्ये ओकायामात पहिल्यांदा बसल्या. आणि सगळ्यांना वापरता येईल असंच मुळात बांधा, हा विचार ज्या रोनाल्ड मेस या वास्तुकाराने रुजवला तो स्वतः व्हीलचेअरवर होता. आमच्या अभ्यासक्रमात त्याचं नावही नव्हतं.

दुपारची_सावली

सगळ्यांचं वाचलं. तुम्ही छान बोलता, तुमचं बोलणं धारदार आहे. माझा मुलगा २७ वर्षांचा आहे. त्याची समज साधारण लहान मुलाएवढी आहे असं डॉक्टर म्हणतात. मी ते 'साधारण' सोडून देते, कारण माणसं ओळखण्यात तो माझ्यापेक्षा हुशार आहे.

'आमच्याविषयी जे काही, ते आमच्याविना नाही' अशी या चळवळीची घोषणा आहे. ऐकलं की मला अपराधी वाटतं, कारण त्याच्या वतीने मीच बोलते. तो इथे लिहू शकणार नाही. तुमच्या सभेत रॅम्प झाला, दुभाषी आला, तरी तो मध्येच मोठ्याने हसेल आणि लोक मागे वळून बघतील. त्या वळून बघण्याला कुठला उतार बांधायचा?

आणि रात्री जो प्रश्न येतो तो राजकारणाचा की घरचा, मला माहीत नाही. माझ्यानंतर काय?

कापूस

सावलीताई, तो प्रश्न घरचा आहे असं वाटायला लावलं, यातच सगळं राजकारण आलं. सत्तावीस वर्षं तुम्ही जे केलं त्याला काम म्हणून कुणी मोजलंय का?

दुपारची_सावली

मोजलं नाही. 'आईच ती' म्हणाले.

निळी_शाई

सावलीताई, उत्तर नाही माझ्याकडे, एक माहिती आहे. बौद्धिक अपंगत्व असलेल्यांनी स्वतः चालवलेली संघटना अमेरिकेत ऑरेगनमध्ये १९७४ मध्ये उभी राहिली. नाव ठेवताना एक जण म्हणाला, आम्हाला आधी माणूस म्हणून ओळखा. तेच नाव झालं, 'आधी माणूस'. आणि २००६ च्या करारातलं १२ वं कलम असं सांगतं की निर्णय घ्यायला आधार लागतो म्हणून निर्णयाचा हक्क काढून घेता येत नाही. आधार द्यायचा, जागा बळकावायची नाही. प्रत्यक्षात हे कसं जमवायचं यावर अजून भांडणं चालू आहेत, पण दिशा तरी बदलली.

कारण आधीची दिशा फार भयंकर होती. १९२७ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने कॅरी बक नावाच्या तरुणीच्या सक्तीच्या नसबंदीला आठ विरुद्ध एक अशी मंजुरी दिली. तिला, तिच्या आईला आणि तान्ह्या मुलीला मंदबुद्धी ठरवून. ती मुलगी पुढे शाळेत गुणवंतांच्या यादीत आली. जर्मनीत १९३९ पासून नाझींनी अपंगांना आणि मनोरुग्णांना मारायला सुरुवात केली, १९४१ च्या ऑगस्टपर्यंत सुमारे ७० हजार माणसं विषारी वायूने मारली, आणि ते थांबवल्याचं दाखवून पुढेही मारत राहिले. ज्यूंच्या छावण्यांमध्ये जे तंत्र वापरलं त्याची तालीम इथे झाली. हे फक्त नाझींचं पाप असंही नाही. जपानमध्ये सक्तीच्या नसबंदीचा कायदा १९४८ ते १९९६ होता आणि तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरवला तो २०२४ च्या जुलैमध्ये.

या सगळ्यात डॉक्टर होते, कागद होते, खर्चाचे तक्ते होते. 'यांच्यावर किती खर्च करायचा' हाच प्रश्न होता. सरळमार्गी, तुम्हाला त्यांच्या रांगेत बसवत नाही, कृपया तसं वाचू नका. पण तो प्रश्न ऐकला की आमच्यापैकी काहींच्या अंगावर काटा का येतो, ते एवढ्यासाठी लिहिलं.

सरळमार्गी

तसं वाचलं नाही. सावलीताईंचा प्रतिसाद दोनदा वाचला.

माहितगार_नाही

मी फक्त वाचक. पण एकदा मी त्या चौघांपैकी एक होतो, म्हणून लिहितो. म्हणजे उंबरठांच्या नव्हे, दुसऱ्या एका कार्यक्रमात. एका आजींना उचलून वर नेलं. उत्साहात मी खुर्चीचा हात धरला. कुणी सांगितलं नव्हतं की तो हात निघतो. मधल्या पायरीवर तो माझ्या हातात आला आणि खुर्ची कलली. बाकी तिघांनी सावरलं. आजी हसत होत्या. मला वाटलं, किती दिलदार! खाली आणतानाही हसत होत्या. नंतर त्यांच्या मुलीने सांगितलं, घाबरल्या की त्या हसतात.

त्या दिवशी टाळ्या मात्र आम्हा चौघांना मिळाल्या.

कापूस

हा धाग्यातला सगळ्यात चांगला प्रतिसाद. नाव बदला तुमचं.

सरळमार्गी

मग निदान एक विचारतो, भांडायला नाही. रागावून घरी जाण्याने काय साधलं? वर जाऊन, माइक हातात घेऊन चार शब्द सुनावले असते तर?

निळी_शाई

हा वाद जुना आहे. अमेरिकेत १९७३ च्या कायद्यात कलम ५०४ होतं: सरकारी पैसा घेणाऱ्या कुठल्याही कार्यक्रमात अपंगांना डावलायचं नाही. पण नियमांवर सहीच होईना, चार वर्षं गेली. एप्रिल १९७७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या सरकारी कचेरीत शंभरावर अपंग आत शिरले आणि जवळजवळ चार आठवडे हललेच नाहीत. औषधं नाहीत, गाद्या नाहीत. कचेरीने फोन तोडले, तर बहिऱ्यांनी खिडकीतून खुणांनी खाली निरोप पोचवले. (खूणताई, ही तुमच्या भाषेची करामत.) काळ्या अमेरिकनांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या ब्लॅक पँथर्स संघटनेने आत जेवण पोचवलं. २८ एप्रिलला सही झाली. त्यात पुढे असलेल्या ज्युडिथ ह्यूमन यांना लहानपणी शाळेने घेतलं नव्हतं, कारण काय, तर आग लागल्यास व्हीलचेअर धोकादायक.

१९९० च्या मार्चमध्ये तर वॉशिंग्टनला संसदेच्या पायऱ्यांपाशी कितीतरी जणांनी खुर्च्या आणि कुबड्या बाजूला ठेवल्या आणि सरपटत वर गेले. त्यात आठ वर्षांची एक मुलगीही होती. जुलैत अपंगांशी भेदभाव रोखणाऱ्या नव्या कायद्यावर सही झाली. पण तेव्हाही चळवळीतल्या काहींना ते दृश्य आवडलं नव्हतं. लोकांना पुन्हा कीवच येईल म्हणून.

उंबरठा

मला विचाराल तर तिथे ते स्वतःहून सरपटले, कधी आणि कुठे ते त्यांनी ठरवलं. मला उचलणार होते, कधी आणि कुठे ते दुसऱ्याने ठरवलेलं. सरळमार्गी, माइकचं तुमचं खरं आहे. तेवढं सुचलं नाही. चिडलो होतो, आणि चिडलेल्या माणसाला व्यूहरचना सुचत नाही. अपंग माणसाने मात्र दर वेळी शांत, समंजस आणि हसरं असावं अशी अपेक्षा असते.

कापूस

ऑस्ट्रेलियाची व्हीलचेअरवरची विनोदी कलाकार स्टेला यंग म्हणायची तसं, जिन्याकडे बघून कितीही हसलात तरी त्याचा रॅम्प होत नाही.

उंबरठा

चार दिवसांनी परत आलोय, कारण पुढचा भाग घडलाय. आयोजकांचा फोन आला. बहुधा कुणीतरी त्यांना हा धागा दाखवला. आवाज नरमला होता. पुढचा कार्यक्रम तळमजल्याच्या सभागृहात ठेवलाय म्हणाले. मी आभार मानले, खरंच बरं वाटलं. मग म्हणाले, "तुम्हीच बोला. तुमचा जीवनप्रवास. प्रेरणादायी असं काहीतरी." मी म्हटलं, प्रेरणा नाही, जिन्यांवर बोलेन. थोडं थांबून म्हणाले, चालेल.

शेवटी सहज विचारलं, मंचावर जायचं कसं?

"चारच पायऱ्या आहेत हो. आणि मुलं आहेत ना."

टाचणी

मी आता हसरे चेहरे टाकत नाहीये, पण रातकिडा, समजून घ्या.

रातकिडा

सहा ऐकू आले.

खडूफळा

चार पायऱ्या म्हणजे ६० सेंटिमीटर. रॅम्प ७.२ मीटरचा, बाजूला जागा असेल तर लाकडी तात्पुरता एका दिवसात होतो. रुंदी ९० सेंटिमीटरच्या खाली नको, कडेला पट्टी हवी. जागा नसेल तर मंच रिकामा ठेवा आणि सगळ्यांनीच खालून बोला.

खूण

खालून बोललात तर मागच्यांना हात दिसणार नाहीत. दुभाषी मंचावरच हवा. उंबरठा, दुभाषी आहे का, विचारलंत का?

उंबरठा

नाही विचारलं. चुकलंच. उद्या फोन करतो, मंच मोजून आकडे खडूफळांना कळवतो.

दुपारची_सावली

आणि आम्ही दोघं आलो तर? तो हसेल मध्येच.

उंबरठा

पहिल्या रांगेत या.